बॅकअप सॉफ्टवेअर ‘डीएलएल सापडली नाही’ म्हणतं तेव्हा काय करायचं

सेतू केंद्र असो, कृषी केंद्र असो की लग्नाचे फोटो काढणारा स्टुडिओ, आपल्या तालुक्यातून येणारा एक फोन ठरलेला असतो: “भाऊ, ते डीएलएल का काय म्हणते ते नेटवरून आणून टाकलं, तरी बॅकअप चालून नाही राह्यला.” बिघाड आणि त्यावरचा चुकीचा इलाज, दोन्ही या एका वाक्यात आहेत. बिघाड बहुतेक वेळा अर्ध्या तासात निघतो. नेटवरून आणून टाकलेली फाइल निस्तरायला मात्र अख्खा दिवस जातो.

गावात, तालुक्याच्या ठिकाणी ज्यांनी नुकताच कॉम्प्युटरवर धंदा सुरू केलाय किंवा दुसऱ्यांचे कॉम्प्युटर बघून द्यायला लागलेत, त्यांच्यासाठी हे लिहितोय. विंडोज १० आणि ११ धरून चाललोय. विंडोज ७ वाल्यांचं शेवटी बघू. आज्ञा देवनागरीत, फोनवर सांगतो तशा दिल्यात. टाइप करताना अर्थातच इंग्रजी अक्षरं.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. नेहमी लागणारं काम प्रत्येक प्रोग्रामने आपापलं लिहिण्याऐवजी ते एका फाइलमध्ये ठेवलेलं असतं आणि अनेक प्रोग्राम तीच फाइल वापरतात. चार भावांच्या सातबाऱ्यावर एक सामाईक विहीर असावी तसं: वावरं वेगळी, पाणी एकच. एका भावाने विहिरीत काही उपद्व्याप केला की सुकतात चौघांचीही वावरं. म्हणूनच तुम्ही बिलाचं जुनं सॉफ्टवेअर काढता आणि बंद पडतो तो बॅकअप.

जवळ काय काय पाहिजे

- ॲडमिनिस्ट्रेटरचा पासवर्ड. सेकंडहँड मशीन असेल तर तो विकणाऱ्याकडेच राहिलेला असतो, आधी मिळवा.
- एक्स्टर्नल हार्ड डिस्क किंवा मोठा पेन ड्राइव्ह, व्हायरस तपासून घेतलेला.
- बॅकअप सॉफ्टवेअरची मूळ सेटअप फाइल किंवा ती उतरवायला चालू नेट.
- लायसन्स की. विकत घेतलेलं असेल तर ती ईमेलमध्ये किंवा बिलावर असते.
- बॅकअपला पासवर्ड लावला असेल तर तो. याच्याशिवाय पुढे जाऊच नका, कारण पाचव्या पायरीत सांगतो.
- चालू बॅटरीचा यूपीएस, किंवा लॅपटॉप असेल तर पूर्ण चार्ज. दुरुस्ती अर्ध्यावर असताना लाइन गेली तर एका फाइलच्या जागी दहा फाइली बिघडतील.

१. आधी डेटा हाताने कॉपी करा

बॅकअप सॉफ्टवेअर बंद आहे याचा अर्थ आत्ता या मशीनला बॅकअप नाही. दुरुस्तीला हात घालण्यापूर्वी हिशोबाच्या सॉफ्टवेअरचं डेटा फोल्डर, डॉक्युमेंट्स आणि डेस्कटॉप एक्स्टर्नल डिस्कवर ओढा. डेस्कटॉप विसरू नका, आपल्याकडे सगळा संसार तिथेच असतो. कॉपी करताना हिशोबाचं सॉफ्टवेअर बंद ठेवा. उघड्या डेटा फाइलची साधी कॉपी अर्धवट निघू शकते.

पेन ड्राइव्ह जुना असेल आणि ४ जीबीपेक्षा मोठी फाइल त्यावर जात नसेल तर पेन ड्राइव्ह खराब नाही. तो फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेला आहे आणि त्या पद्धतीत एका फाइलला तेवढीच मर्यादा असते. त्यावरचा माल दुसरीकडे हलवून एनटीएफएस किंवा एक्सफॅट करून घ्या.

२. संदेश जसाच्या तसा टिपा

चौकट दिसली की लोक आधी ‘ओके’ दाबतात. थांबा, मोबाइलने फोटो काढा. त्यात दोन गोष्टी बघायच्या: फाइलचं पूर्ण नाव आणि वाक्याचा रोख. चार प्रकार नेहमी भेटतात.

फाइल ‘नॉट फाउंड’ म्हणत असेल तर ती जागेवर नाही. ‘प्रोसिजर एंट्री पॉइंट’ सापडत नाही म्हणत असेल तर फाइल आहे, पण प्रोग्रामला हव्या त्या आवृत्तीची नाही. ‘बॅड इमेज’ असा मथळा असेल तर फाइल आहे पण बिघडलेली किंवा चुकीची आहे. आणि ०एक्ससी०००००७बी असा आकडा आला तर बहुतेक वेळा ३२ बिटच्या प्रोग्रामला ६४ बिटची फाइल मिळाली आहे किंवा उलट. हा चौथा प्रकार दिसला की मी पहिला प्रश्न विचारतो, “नेटवरून काही आणून टाकलं का?” उत्तर बहुधा हो असतं.

३. फाइलचा मालक कोण ते ओळखा

सगळ्या लेखातली महत्त्वाची पायरी ही. हरवलेली फाइल कुठून मिळेल यापेक्षा ती मुळात कोणाची आहे हे आधी ठरवायचं. बॅकअप सॉफ्टवेअर वापरतं त्या डीएलएलचे मालक साधारण तीनच असतात.

पहिला मालक बॅकअप सॉफ्टवेअर बनवणारी कंपनी. या फाइली सी ड्राइव्हच्या प्रोग्राम फाइल्समध्ये त्या सॉफ्टवेअरच्याच फोल्डरमध्ये असतात. नावात बहुधा कंपनीची किंवा सॉफ्टवेअरची आद्याक्षरं दिसतात.

दुसरा मालक मायक्रोसॉफ्टचा व्हिज्युअल सी++ रनटाइम, म्हणजे अनेक प्रोग्रामना चालायला लागणाऱ्या तयार फाइलींचा संच. सर्वांत जास्त फोन याच्यासाठी. नावं ओळखायला सोपी: एमएसव्हीसीपी किंवा एमएसव्हीसीआर आणि पुढे आकडा, व्हीसीरनटाइम आणि पुढे आकडा, एमएफसी आणि पुढे आकडा. तो आकडाच सांगतो कोणता संच हवा. ९० म्हणजे २००८ चा, १०० म्हणजे २०१० चा, ११० म्हणजे २०१२ चा, १२० म्हणजे २०१३ चा. १४० असेल तर २०१५ पासून पुढच्या आवृत्त्यांसाठी एकच संच आहे. व्हीसीरनटाइम१४० च्या पुढे अंडरस्कोर आणि १ असेल तर संच बसवलेला आहे पण जुना आहे, नवा टाकला की काम होतं. आकड्यानंतर नुसतं ‘डी’ असेल, म्हणजे एमएसव्हीसीपी१४०डी, तर ती फाइल प्रोग्रामरच्या चाचणीसाठीची आहे. ती ग्राहकाच्या मशीनवर लागायलाच नको. चूक सॉफ्टवेअर पाठवणाऱ्याची, त्यालाच कळवा.

तिसरा मालक खुद्द विंडोज. बॅकअपच्या बाबतीत यातली मोठी नावं व्हीएसएसनं सुरू होतात, जसं व्हीएसएसएपीआय. व्हीएसएस म्हणजे व्हॉल्यूम शॅडो कॉपी सर्व्हिस. हिशोबाचं सॉफ्टवेअर उघडं असतानाही त्या क्षणाची अखंड प्रत घेता येते ती हिच्यामुळे.

४. अँटिव्हायरसने तर उचलली नाही ना?

विंडोज सिक्युरिटी उघडा, ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’मध्ये ‘प्रोटेक्शन हिस्टरी’ बघा. वेगळा अँटिव्हायरस असेल तर त्याचं ‘क्वारंटाइन’. हरवलेली फाइल तिथे दिसली की परत आणण्याची घाई नको. आधी आठवा, बॅकअप सॉफ्टवेअर कुठून आणलं होतं? कंपनीच्या साइटवरून असेल तर अँटिव्हायरसचा गैरसमज असू शकतो. सॉफ्टवेअर आणि अँटिव्हायरस दोन्ही अद्ययावत करून पुन्हा बसवा. कोणाच्या तरी पेन ड्राइव्हवरून आलेलं ‘फुल व्हर्जन’ असेल तर अँटिव्हायरसने बरोबर तेच उचललंय जे उचलायला हवं होतं. लायसन्सची तपासणी चुकवायला अशा आवृत्त्यांत मूळ डीएलएल काढून तिथे बदललेली घुसवलेली असते. दुकानाचा सगळा डेटा वाचू शकणारा प्रोग्राम अशा हातातून घेणं मला तरी पटत नाही. फुकटच हवं असेल तर विंडोजची स्वतःची ‘फाइल हिस्टरी’ विंडोज ८ पासून आहेच.

५. मालकाकडूनच फाइल आणा

कंपनीची फाइल असेल तर: कंट्रोल पॅनेलमध्ये ‘प्रोग्राम्स अँड फीचर्स’ उघडा, सॉफ्टवेअरवर क्लिक करा, वर ‘रिपेअर’ किंवा ‘चेंज’ दिसतं का बघा. दिसलं तर तेच. नाही तर मूळ सेटअप पुन्हा चालवा. बरीचशी सॉफ्टवेअरं जुन्यावरच बसतात आणि सेटिंग टिकतं. काढून नव्याने बसवणं हा शेवटचा उपाय. त्याआधी सेटिंग एक्सपोर्ट करता येत असेल तर करा, लायसन्स की बाजूला लिहा. काढताना “सेटिंग आणि बॅकअपही काढायचे का?” असा प्रश्न येतो, तिथे नीट वाचून ‘नाही’ म्हणा. पासवर्डची गोष्ट इथे येते: पुन्हा बसवलेलं सॉफ्टवेअर जुना बॅकअप उघडताना पासवर्ड विचारतं. आतापर्यंत तो त्यानेच लक्षात ठेवला होता, आता तुम्हाला सांगावा लागतो. एन्क्रिप्ट केलेला बॅकअप पासवर्डशिवाय कंपनीलाही उघडून देता येत नाही.

व्हिज्युअल सी++ असेल तर: मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवरून तो ‘रिडिस्ट्रिब्यूटेबल’ संच उतरवा. एक्स८६ आणि एक्स६४ असे दोन असतात. मशीन ६४ बिटचं असलं तरी दोन्ही बसवा, कारण ६४ बिटच्या विंडोजवर ३२ बिटचे प्रोग्रामही चालतात आणि त्यांना एक्स८६ चाच लागतो. १४० चे दोन्ही मिळून ५० एमबीच्या आत आहेत, मोबाइलच्या हॉटस्पॉटवरही उतरतात. बसवून झालं की मशीन रीस्टार्ट करा, मग सॉफ्टवेअर उघडा.

विंडोजची फाइल असेल तर: स्टार्टमध्ये सीएमडी टाइप करा, ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ने उघडा. आधी डिस्म, जागा, स्लॅश ऑनलाइन, जागा, स्लॅश क्लीनअप-इमेज, जागा, स्लॅश रिस्टोअरहेल्थ. ते पूर्ण झालं की एसएफसी, जागा, स्लॅश स्कॅननाऊ. क्रम असाच ठेवा. दुसरी आज्ञा बिघडलेली फाइल विंडोजच्या स्वतःच्या साठ्यातून आणते. साठाच बिघडलेला असेल तर ती काय आणणार? पहिली आज्ञा तो साठा दुरुस्त करते आणि त्यासाठी विंडोज अपडेटमधून फाइली घेते, म्हणून नेट चालू हवं. दिवसाचा डेटा पॅक संपत आला असताना सुरू करू नका. मधे टक्क्यांचा आकडा बराच वेळ हलत नाही, खिडकी बंद करायची नाही.

६. हे करू नका

‘डीएलएल डाउनलोड’ असं शोधलं की नुसती एक-एक फाइल देणाऱ्या साइट्स पहिल्या येतात. तिथली फाइल कोणत्या आवृत्तीची, कोणी हात लावलेली, काही कळायला मार्ग नाही. विंडोजवर प्रोग्राम साधारणपणे डीएलएल आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतो आणि नंतर विंडोजच्या. त्यामुळे बॅकअपच्या फोल्डरमध्ये टाकलेली परकी फाइल आधी उचलली जाते. बॅकअपची सर्व्हिस तर बहुधा मशीनवरच्या सर्वांत वरच्या अधिकारांनी चालते. फाइलमध्ये काही काळंबेरं असेल तर त्यालाही तेच अधिकार मिळतात.

दुसरा सापळा फोल्डरच्या नावांचा. ६४ बिटच्या विंडोजवर सिस्टम३२ मध्ये असतात ६४ बिटच्या फाइली आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. हो, उलटंच आहे. नाव वाचून हाताने फाइल टाकणारा हमखास चुकतो, आणि बॅकअपसोबत अंगठ्याच्या मशीनचं सॉफ्टवेअरही आडवं पडतं. सेतूवाल्यांनी तर या दोन फोल्डरना हात लावूच नये. आधीच काही टाकून बसला असाल तर ती फाइल काढा आणि पाचव्या पायरीवर परत या. कोणती टाकली हे आठवत नसेल तर फाइलवर राइट-क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’ उघडा. ‘डिजिटल सिग्नेचर्स’चा टॅब असेल आणि त्यात कंपनीचं नाव असेल तर ठीक. नसेल तर तेवढ्यावरून ती खोटी ठरत नाही, विंडोजच्या स्वतःच्या कित्येक फाइलींनाही तो टॅब नसतो. ‘डिटेल्स’मधलं नाव, आवृत्ती आणि फाइल कोणत्या तारखेला आली ते जुळवून बघा.

तिसरा सापळा रेगएसव्हीआर३२. “डीएलएल रजिस्टर करून घ्या” हा सल्ला जुन्या जमान्यापासून चालत आलाय. काही ठरावीक प्रकारच्या फाइलींनाच ते लागू पडतं. व्हीसीरनटाइमवर चालवलंत तर फाइल लोड झाली पण ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर’ सापडलं नाही असं म्हणेल. त्यात काही बिघडत नाही, काही सुधारतही नाही.

आणि चौथा, साफसफाईचा. प्रोग्रामच्या यादीत ‘मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++’ नावाच्या आठ-दहा नोंदी दिसतात. एकच गोष्ट इतक्यांदा कशाला म्हणून एखादा हुशार पोरगा जुन्या सगळ्या काढून टाकतो. यातली कोणतीही नोंद कोणत्या ना कोणत्या प्रोग्रामला लागत असू शकते. जागा फार खात नाहीत, राहू द्या. कोणती फाइल आत्ता कोण वापरतंय हे बघायचंच असेल तर सीएमडीत टास्कलिस्ट, जागा, स्लॅश एम, जागा आणि फाइलचं नाव टाइप करा. त्या क्षणी ती वापरणाऱ्या सगळ्या प्रोग्रामांची यादी येते.

७. बॅकअप खरंच होतोय का ते बघा

सॉफ्टवेअर उघडलं, लाल खूण गेली, एवढ्यावर समाधान मानू नका. एका कृषी केंद्राचं उदाहरण देतो. दिवाळीत बिलाचं जुनं सॉफ्टवेअर काढून नवं टाकलं. काढताना रनटाइमचा जुना संचही गेला. बिलं नव्या सॉफ्टवेअरवर व्यवस्थित निघत होती, त्यामुळे कोणाला काही जाणवलं नाही. मृगाच्या तोंडावर बियाण्यांची गर्दी सुरू झाली, हार्ड डिस्क आवाज करायला लागली, तेव्हा बॅकअपचं फोल्डर उघडलं. शेवटची फाइल दिवाळीच्या आठवड्यातली! डिस्क पूर्ण बसण्याआधी लक्षात आलं म्हणून निभावलं.

संदेश का दिसला नाही? बॅकअप ‘टास्क शेड्यूलर’मधून रात्री, कोणी लॉगिन नसताना चालायचा. अशा वेळी चौकट कोणाच्या स्क्रीनवर येतच नाही. टास्क शेड्यूलर उघडून ‘लास्ट रन रिझल्ट’चा रकाना बघितला तर तिथे ०एक्ससी००००१३५ बसलेलं होतं. हा आकडा म्हणजे डीएलएल सापडली नाही. सगळं ठीक असेल तर तिथे ०एक्स० असतं. तुमच्या सॉफ्टवेअरचं स्वतःचं वेळापत्रक असेल तर त्याचा लॉग बघा.

दुरुस्तीनंतर एक बॅकअप हाताने चालवा. मग त्यातली एखादी एक्सेल किंवा फोटो मूळ जागी नाही, वेगळ्या फोल्डरमध्ये रिस्टोअर करा आणि उघडून बघा. हिशोबाचा डेटाही तसाच वेगळ्या जागी काढून एकदा तपासा.

सॉफ्टवेअर उघडतं पण बॅकअप मधेच थांबतो आणि संदेशात व्हीएसएस किंवा ‘शॅडो कॉपी’ येतं, असं झालं तर ॲडमिनिस्ट्रेटरच्या सीएमडीत व्हीएसएसॲडमिन, जागा, लिस्ट, जागा, रायटर्स. प्रत्येक नोंदीखाली ‘स्टेबल’ आणि ‘नो एरर’ दिसायला हवं. एखादी ‘फेल्ड’ असेल तर आधी नुसतं रीस्टार्ट करून बघा, बऱ्याचदा तेवढ्यानेच मिटतं. दोन बॅकअप सॉफ्टवेअर एकाच वेळी ठेवली असतील तर त्यांच्या वेळा वेगळ्या करा.

८. उजव्या क्लिकवर स्क्रीन झपकन जाऊन येत असेल

बॅकअप सॉफ्टवेअर फाइलींवर हिरवी टिकली दाखवण्यासाठी आणि राइट-क्लिकच्या यादीत आपलं नाव घालण्यासाठी स्वतःची एक डीएलएल फाइल एक्सप्लोररमध्ये लोड करतं. ती बिघडली की एक्सप्लोररच कोसळतो आणि टास्कबार गायब होऊन परत येतो. ‘इव्हेंट व्ह्यूअर’मध्ये ‘विंडोज लॉग्स’, मग ‘ॲप्लिकेशन’ उघडा, लाल नोंदीत ‘फॉल्टिंग मॉड्यूल नेम’ वाचा. गुन्हेगाराचं नाव तिथे असतं. ती फाइल नुसती डिलीट करायला गेलात तर वापरात आहे म्हणून होणार नाही. सॉफ्टवेअर रिपेअर करा किंवा काढून रीस्टार्ट करा.

९. कंपनीला लिहायची वेळ आली तर

“चालत नाही” एवढंच लिहून पाठवलं तर उत्तरात चार प्रश्न येतात आणि दोन दिवस जातात. पहिल्याच मेलमध्ये द्या: चौकटीचा फोटो, सॉफ्टवेअरची आवृत्ती, विंडोजची आवृत्ती, बिघाडाच्या आधी काय बसवलं किंवा काढलं, आणि वर सांगितलेलं काय काय करून झालं. विंडोजच्या आवृत्तीसाठी विंडोजचं बटण आणि आर दाबून विनव्हर टाइप करा, तीच चौकट फोटोत घ्या. लायसन्स की पूर्ण पाठवू नका, मागितली तर शेवटचे अंक द्या. फोनवर कोणी रिमोटने मशीन हातात मागितलं तर फोन तुम्ही कंपनीच्या साइटवरच्या नंबरला लावलेला असला पाहिजे. समोरून आलेल्या फोनला नाही.

१०. विंडोज ७ वाल्यांसाठी

विंडोज ७ चा सपोर्ट १४ जानेवारी २०२० ला संपला, विंडोज १० चा १४ ऑक्टोबर २०२५ ला. तरी ७ ची मशीनं अजून चालू आहेत हे ठाऊक आहे. त्यांच्यावर हटकून येणारा संदेश एपीआय-एमएस-विन-सीआरटी अशा लांबलचक नावाच्या फाइलचा. हा ‘युनिव्हर्सल सी रनटाइम’, विंडोज १० मध्ये तो मुळातच आहे. ७ वर तो केबी२९९९२२६ या अपडेटमधून येतो आणि त्याआधी सर्व्हिस पॅक १ बसवलेला लागतो. तो टाकूनही नवं बॅकअप सॉफ्टवेअर ‘एंट्री पॉइंट’चा संदेश देत राहिलं तर त्याला विंडोजमधलं असं काही हवंय जे ७ मध्ये नाहीच. कोणतीही डीएलएल आणून ते होणार नाही. अशा मशीनवर त्याच सॉफ्टवेअरची ७ ला चालणारी जुनी आवृत्ती कंपनीकडे मागा. नसेल तर विंडोज ७ मधलंच ‘बॅकअप अँड रिस्टोअर’ लावा आणि एक्स्टर्नल डिस्क काम झालं की काढून कपाटात ठेवा.